सामाईक शेतजमिनीची वाटणी: खातेफोड, दावा आणि तुकडेबंदी

सातबाऱ्यावर चार नावे, शेतात तीन वहिवाटी आणि कागदावर एकही वाटणी नाही, ही स्थिती महाराष्ट्रात गावोगाव दिसते. वडील गेले, वारस नोंद झाली, भावांनी आपापसांत बांध टाकून घेतले आणि दहा-पंधरा वर्षे कुणी काही बोलले नाही. मग एक दिवस भूसंपादनाची नोटीस येते, किंवा धाकट्याला पीककर्ज हवे असते आणि सोसायटीचे सचिव सगळ्या खातेदारांच्या सह्या मागतात. मोबदला कुणाच्या खात्यात, सही कोण देणार, बहिणीचे नाव का नाही, असे प्रश्न एकाच वेळी उभे राहतात.

अशा वेळी थेट दावा लावण्याआधी किंवा कुणी पुढे केलेल्या कागदावर सही करण्याआधी तीन गोष्टी स्वतः तपासून घ्या: जमीन कोणत्या प्रकारची आहे, तिच्यात कुणाकुणाचा हिस्सा आहे आणि वाटणीनंतर पडणारे तुकडे कायद्यात बसतात का. बहुतेक वाद या तिन्हींपैकी एकाकडे झालेल्या दुर्लक्षातून वाढलेले असतात. पुढील माहिती महाराष्ट्रातील शेतजमिनीपुरती आहे.

आधी सातबारा आणि जुने फेरफार वाचा

आजचा संगणकीकृत सातबारा पुरेसा नाही. जमीन घरात कशी आली हे फेरफारात असते. तीस-चाळीस वर्षांपूर्वीचे हस्तलिखित सातबारे व फेरफार तहसीलच्या अभिलेख कक्षात मिळतात, अनेक जिल्ह्यांचे ‘आपले अभिलेख’ संकेतस्थळावरही पाहता येतात. प्रत्येक गटाचा मागोवा घेऊन आजोबांपर्यंतची साखळी एका कागदावर लिहा.

वाचताना काही खुणांकडे लक्ष द्या. थोरल्या भावाच्या नावापुढे ‘ए.कु.मॅ.’ किंवा ‘ए.कु.क.’ असेल तर ते नाव एकत्र कुटुंबाचा मॅनेजर किंवा कर्ता म्हणून लागलेले आहे, एकट्या मालकाचे नाही. पुढे संगणकीकरणात किंवा एखाद्या फेरफारात ती अक्षरे गळून पडली तरी बाकीच्यांचा हक्क गळत नाही, मात्र तो दाखवायला जुना उतारा हाताशी लागतो. ‘अ.पा.क.’ म्हणजे अज्ञान पालक कर्ता. मूल सज्ञान होऊन वीस वर्षे झाली तरी ही नोंद तशीच राहिलेली असते, ती आता अर्ज करून कमी करून घ्या. बहिणींची नावे पूर्वी सर्रास ‘इतर हक्क’ रकान्यात टाकली जात. रकाना वेगळा म्हणून त्यांचा वारसाहक्क दुय्यम ठरत नाही. जुन्या उताऱ्यावर आणे-पैत आणेवारी लिहिलेली असेल तर तीही टिपून ठेवा.

सातबारा हा मालकीचा अंतिम पुरावा नाही. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे त्यातील नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते, एवढेच. म्हणजे नाव नसलेल्या वारसाचा हक्क संपलेला नसतो आणि नाव असलेल्याचा हक्क आपोआप पक्काही होत नाही. ‘उताऱ्यावर माझे एकट्याचे नाव आहे, आता कुणाला काही देणे लागत नाही’ असे म्हणणाऱ्या भावाला बहुधा हे कुणी सांगितलेलेच नसते.

मृत खातेदाराचे नाव अजून उताऱ्यावर असेल तर वाटणीच्या आधी वारस नोंद करून घ्या. २०२५ मध्ये राज्यभर ‘जिवंत सातबारा’ मोहीम याच कामासाठी घेतली गेली. मोहीम असो वा नसो, वारसाचा अर्ज तलाठ्याकडे (आताचे पदनाम ग्राम महसूल अधिकारी) केव्हाही करता येतो. वारस नोंद ही वाटणी नसते. तिने फक्त नावे सामाईकात लागतात, त्यामुळे तुकडेबंदीचा अडथळाही तिथे येत नाही.

कुणाचा हिस्सा किती

गावात ‘वडिलोपार्जित’ हा शब्द फार सैल वापरला जातो. आजोबांची म्हणून आली ती प्रत्येक जमीन कायद्याच्या अर्थाने वडिलोपार्जित नसते. आजोबांनी स्वतः खरेदी केलेली जमीन त्यांच्या निधनानंतर, हिंदू वारसा कायदा १९५६ लागू झाल्यावर, वडिलांकडे वारसाने आली असेल तर ती वडिलांच्या हातात त्यांची स्वतंत्र मिळकत ठरते. वडील हयात असताना मुलगा किंवा नातू तिच्यात जन्माने हिस्सा मागू शकत नाही आणि वडील तिचे मृत्युपत्र करू शकतात. पणजोबांपासून एकत्र कुटुंबात चालत आलेली, वाटणी न झालेली जमीन मात्र वेगळी: तिच्यात मुलांना जन्मतःच हक्क असतो. म्हणून वर सांगितलेली फेरफारांची साखळी महत्त्वाची.

एक साधे उदाहरण घ्या. एकत्र कुटुंबाची जमीन ३ हेक्टर २० आर, म्हणजे ढोबळ मानाने आठ एकर. वडील मृत्युपत्र न करता वारले, मागे आई, दोन मुलगे आणि एक मुलगी. वडिलांच्या मृत्यूच्या क्षणी वाटणी झाली असे धरायचे. त्यात वडील, आई, दोन मुलगे, मुलगी असे पाच समान हिस्से पडतात, प्रत्येकी एक पंचमांश. मग वडिलांचा एक पंचमांश चौघांत सारखा वाटायचा, म्हणजे प्रत्येकी एक विसांश. एक पंचमांश अधिक एक विसांश मिळून प्रत्येकाला एक चतुर्थांश, म्हणजे ८० आर. हीच जमीन वडिलांची स्वकष्टार्जित असती तरी आई आणि तिन्ही मुले पहिल्या वर्गाचे वारस म्हणून चौघांना एक चतुर्थांशच मिळाला असता. उत्तर इथे जुळले, पण एखादा मुलगा आधीच वारला असेल, वडिलांनी मृत्युपत्र केले असेल किंवा वडिलांचे भाऊही हिस्सेदार असतील तर हिशेब बदलतो. तेव्हा वंशावळ हातात ठेवूनच हिस्से काढा.

मुलीच्या हक्काविषयी अजूनही गैरसमज आहेत. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत सहदायिक केले, पण त्याआधी लग्न झालेल्या मुलींना वगळले होते. ९ सप्टेंबर २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने विवाहित-अविवाहित हा फरक काढून टाकला. त्या तारखेला वडील हयात असणे आवश्यक आहे का, यावर पंधरा वर्षे वाद चालले. सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या खटल्यात ११ ऑगस्ट २०२० रोजी निकाल दिला, की मुलीचा हक्क जन्माने आहे आणि २००५ मध्ये वडील हयात असण्याची अट नाही. अपवाद एवढाच, की २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा न्यायालयाच्या हुकूमनाम्याने झालेली वाटणी आता उकरता येत नाही.

‘लग्नात खर्च केला, हुंडा दिला, आता हिस्सा कसला’ हे वाक्य कोर्टात चालत नाही. बहीण स्वखुशीने हक्क सोडत असेल तर नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागते. तलाठ्यासमोर दिलेल्या जबाबावर किंवा साध्या अर्जावर तिचे नाव कमी केलेले जुने फेरफार पुष्कळ आहेत आणि आज निम्मेअधिक भांडणे त्यांच्यावरूनच पेटतात, असे आमच्याकडे येणाऱ्या प्रश्नांवरून वाटते. बहिणीला रक्षाबंधनाला बोलावून त्याच दिवशी दुय्यम निबंधकाकडे नेण्याची घाई करू नका. तिला मसुदा आधी वाचायला द्या. न वाचता केलेली सही पुढे फसवणुकीच्या आरोपाला आमंत्रण देते.

आईलाही विसरू नये. ती स्वतः वाटणी मागू शकत नसली तरी मुलांत वाटणी होताना तिला मुलाइतकाच हिस्सा मिळतो, शिवाय वारस म्हणून मिळतो तो वेगळा. ‘आई कुणाकडे राहील त्याने तिचा हिस्सा कसायचा’ असे तोंडी ठरवून तिचे नाव कमी करतात, मग म्हातारपणी तिला औषधासाठीही हात पसरावा लागतो. हिस्सा तिच्या नावावर राहू द्या, कसायला कुणीही कसो.

वरील नियम हिंदू, बौद्ध, जैन व शीख कुटुंबांचे आहेत. मुस्लिम कुटुंबांत जन्माने हक्क ही कल्पना नाही, हिस्से त्यांच्या वारसा नियमांनी ठरतात. अनुसूचित जमातींना हिंदू वारसा कायदा सर्वसाधारणपणे लागू नाही, शिवाय आदिवासींच्या जमिनीला हस्तांतरणाची वेगळी बंधने आहेत.

तोंडी वाटणी टिकते का?

टिकू शकते. कुटुंबातील तोंडी व्यवस्था कायदेशीर असते आणि आधी झालेल्या वाटणीची केवळ आठवण म्हणून लिहिलेल्या यादीला नोंदणी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने काळे विरुद्ध उपसंचालक, एकत्रीकरण या १९७६ च्या निकालात स्पष्ट केले आहे. मात्र त्या कागदानेच वाटणी होत असेल, ‘या कागदाने आम्ही वाटून घेत आहोत’ अशी भाषा असेल, तर नोंदणी हवी. शंभराच्या स्टॅम्पवर नोटरी केलेली ‘आपसी वाटणी’ याच कारणाने कोर्टात अडकते.

मुलीच्या हक्काविरुद्ध तोंडी वाटणीचा बचाव घ्यायचा असेल तर पुरावा त्याहून कडक लागतो. त्या काळातील सरकारी कागद, स्वतंत्र फेरफार, वेगवेगळी कर्जखाती, वर्षानुवर्षे वेगळी लागलेली पीकपाहणी असे काही दाखवावे लागते. ‘आम्ही तीस वर्षे वेगळे कसतो’ एवढ्याने भागत नाही. वेगळे कसणे ही सोयीची वहिवाटही असू शकते.

सामाईक जमिनीत ई-पीक पाहणी करताना प्रत्येक खातेदाराने आपल्या वहिवाटीतील क्षेत्राची आणि पिकाची नोंद स्वतः करावी. एकाने सगळ्या गटाची नोंद स्वतःच्या नावे केली तर विमा व नुकसानभरपाई तर अडतेच, पुढे ताब्याच्या वादात तीच नोंद तुमच्याविरुद्ध मांडली जाते.

सहमती असेल तर

सहमतीने वाटणीच्या दोन वाटा आहेत. एक, दुय्यम निबंधकाकडे नोंदणीकृत वाटणीपत्र. शेतजमिनीच्या वाटणीपत्राला मुद्रांक शुल्क नाममात्र आहे. खर्च मुख्यतः नोंदणी फीचा होत असे, ती माफ करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने मे २०२५ मध्ये घेतला. दस्त करण्यापूर्वी दुय्यम निबंधक कार्यालयात चालू दर विचारून घ्या, दलालाच्या तोंडचा आकडा धरू नका.

दुसरी वाट तहसीलदारांकडे महसूल अधिनियमाच्या कलम ८५ खाली अर्ज करण्याची. गावात याला खातेफोड म्हणतात. अर्जासोबत सर्व गटांचे सातबारे, ८-अ, वंशावळीचे प्रतिज्ञापत्र, गटाचा नकाशा आणि कुणाला कोणत्या बाजूचे किती क्षेत्र याचा तक्ता द्यावा लागतो. नोटिसा निघतात, सहधारकांचे जबाब होतात, मग आदेश होऊन त्यावरून फेरफार धरला जातो. हा मार्ग स्वस्त आहे आणि सगळे एका दिवशी तहसीलला आले तर फार लांबतही नाही.

कलम ८५ चा अर्ज एकट्या सहधारकालाही करता येतो. मात्र सुनावणीत कुणी मालकीचाच प्रश्न काढला, म्हणजे ‘याचा हिस्साच नाही’ किंवा ‘बहिणीने हक्क सोडला होता’ असे म्हटले, तर तो प्रश्न दिवाणी न्यायालयात सुटेपर्यंत तहसीलदार वाटप करू शकत नाहीत. तेव्हा एकजण जरी अडून बसला असेल तर तहसीलला हेलपाटे मारण्यात दोन वर्षे घालवू नका.

जमीन भोगवटादार वर्ग २ ची, इनाम-वतनाची किंवा कुळकायद्याने मिळालेली असेल तर वाटणीपूर्वी परवानगी लागते का हे तहसीलमध्ये लेखी विचारा.

तुकडेबंदी आणि सरस-निरस

इथे सर्वाधिक डोके लावायला हवे. बहुतेक कुटुंबांत ‘प्रत्येक गटात प्रत्येकाला सारखा हिस्सा’ हा न्याय वाटतो आणि त्याने शेतीचे तुकडे होतात. १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्याप्रमाणे प्रमाणभूत क्षेत्राहून लहान तुकडा पाडणारी वाटणी करता येत नाही. ऑगस्ट २०२३ च्या अधिसूचनेने बहुतेक जिल्ह्यांत हे क्षेत्र जिरायतीसाठी २० गुंठे आणि बागायतीसाठी १० गुंठे केले आहे. शहरी व विकास क्षेत्रांत नियम वेगळे आहेत. आपल्या गावाला काय लागू आहे ते तहसीलमध्ये पाहा.

समजा ६० गुंठ्यांचा एकच जिरायत गट आणि चार समान हिस्सेदार. प्रत्येकी १५ गुंठे येतात, म्हणजे चारही तुकडेच. कायद्याच्या कलम ८-अअ मध्ये याची तजवीज आहे: तुकडा न पाडता ज्याला जमीन देता येत नाही त्याला हिश्श्याची किंमत पैशात द्यायची. जमीन कुणी घ्यायची आणि पैसे कुणी, हे हिस्सेदारांनी आपसात ठरवावे. ठरले नाही तर चिठ्ठ्या टाकून ठरते. कोर्टातून वाटणी झाली तरी हाच नियम. म्हणजे पाच वर्षे दावा लढवून शेवटी तुमच्या हाती जमिनीऐवजी रक्कम पडू शकते. हे दावा लावण्याआधी माहीत असलेले बरे.

आता जुन्या पंचांची पद्धत आठवा. ते ‘सरस-निरस’ मानाने वाटप करत. चांगली जमीन कमी, हलकी जमीन जास्त, असे मोल जुळवायचे. वरच्याच कुटुंबाची ३ हेक्टर २० आर जमीन तीन गटांत आहे असे धरू: विहिरीखालचे बागायत ८० आर, रस्त्याकडेची ४० आर जिरायत आणि माळावरची २ हेक्टर जिरायत. प्रत्येक गटाचे चार भाग केले तर बारा तुकडे, नऊ नवे बांध आणि रस्त्याकडेला प्रत्येकी १० आर, जो जिरायतीत कायद्याने चालतच नाही. शिवाय प्रत्येकाला तीन ठिकाणी नांगर हलवायचा.

त्याऐवजी कुटुंबाने बसून मोल ठरवले, की १ आर बागायत म्हणजे माळाचे अडीच आर आणि रस्त्याकडेचा १ आर म्हणजे माळाचे ४ आर. (हे प्रमाण केवळ उदाहरणाचे आहे, तुमच्या गावचे भाव वेगळे असतील.) तर सगळी जमीन माळाच्या मापाने २०० अधिक १६० अधिक २००, म्हणजे ५६० होते आणि प्रत्येकाचा हिस्सा १४०. एकाने रस्त्याकडेचा गट अखंड घेतला तर त्याच्याकडे १६० गेले. दोघांनी प्रत्येकी ४० आर बागायत आणि ४० आर माळ घेतला तर त्यांचे १४० पुरे झाले. चौथ्याकडे १२० आर माळ एकत्र राहिला, २० आर माळाची किंमत पहिल्याने त्याला रोख द्यायची. बाराऐवजी सहा तुकडे पडले, तुकडेबंदी मोडली नाही आणि कुणाचे मोल बुडाले नाही. वाटणीपत्रात क्षेत्र असमान दिसेल. म्हणून मोल कसे धरले आणि रक्कम कुणी कुणाला धनादेशाने दिली हे दस्तातच लिहा, नाहीतर पुढच्या पिढीत कुणीतरी ‘आमच्या बापाला फसवले’ म्हणून उठेल.

वाटणी कोण करणार यासाठी एक जुनी रीत आजही उपयोगी पडते: थोरल्याने भाग पाडायचे आणि उचल धाकट्यापासून करायची. भाग पाडणाऱ्याला शेवटी उरलेले मिळणार असल्यामुळे तो आपोआप काटेकोर होतो.

विहीर, रस्ता आणि वीज

जमीन वाटली जाते, विहीर वाटता येत नाही. नुसते ‘विहीर सामाईक’ असे लिहून दस्त संपवला तर पुढच्या उन्हाळ्यातच भांडण होते. पाण्याची पाळी किती दिवसांची, वीज रात्रीची असेल त्या आठवड्यात पाळी कशी फिरेल, प्रत्येकाची मोटार स्वतंत्र की एकच, वीजजोडणी कुणाच्या नावे आणि बिल कसे वाटायचे, पाइपलाइन कुणाच्या हिश्श्यातून जाईल, गाळ काढण्याचा खर्च कोण देईल, विहीर आटली आणि एकाने आपल्या हिश्श्यात बोअर घेतली तर काय, हे सगळे लिहा. विहिरीतील हिश्श्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात घ्यायला सांगा.

रस्त्याचेही तसेच. गटाच्या आतल्या बाजूचा हिस्सा ज्याला जातो त्याची बैलगाडी किंवा ट्रॅक्टर कुठून जाणार? भाऊ आहे म्हणून आज जाऊ देतो, उद्या त्याने जमीन विकली तर खरेदीदार जाऊ देईलच असे नाही. वाटणीच्या नकाशातच रस्त्याची पट्टी आखा, तिची रुंदी मीटरमध्ये लिहा आणि तीही इतर हक्कात नोंदवा. रस्ता नंतर मागायचा झाल्यास कलम १४३ खाली बांधावरून वाटेसाठी तहसीलदारांकडे अर्ज करता येतो. चालू रस्ता किंवा पाणी कुणी अडवले तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत दाद मागावी लागते. सहा महिने पंचायतीच्या बैठकांत जातात आणि मुदत निघून जाते, असे वारंवार होते.

भावांनी एकमेकांच्या नावची जमीन वर्षानुवर्षे अदलाबदलीने कसली असेल तर राज्याची २०२३ मध्ये सुरू झालेली सलोखा योजना पाहा. किमान बारा वर्षांचा ताबा असेल तर अदलाबदल दस्त एक हजार रुपये मुद्रांक शुल्क व एक हजार रुपये नोंदणी फीमध्ये करता येतो. योजनेला मुदत आहे, ती चालू असल्याची खात्री करूनच पुढे जा.

दावा लावावाच लागला तर

वाटणीच्या दाव्यात सगळे हिस्सेदार आणि सगळ्या मिळकती घ्याव्या लागतात. ‘फक्त रस्त्याकडेचा गट वाटून मागू’ किंवा ‘आत्याला कशाला पक्षकार करायचे’ असा विचार केला तर दावा त्याच कारणाने फेटाळला जाऊ शकतो. गावातले घर, खळे, दुसऱ्या गावची जमीनही यादीत घ्या. मालमत्तेच्या वादात महिला पक्षकारांना महाराष्ट्रात न्यायालयीन शुल्काची सूट आहे, ती वकिलांना आठवण करून मागा.

हिश्श्यातून हाकलल्याचे कळल्यापासून बारा वर्षांत दावा आणावा, असा मुदत कायद्याचा नियम आहे. एक सहहिस्सेदार एकटा कसतो एवढ्याने तो मालक होत नाही. त्याने उघडपणे दुसऱ्याचा हक्क नाकारलेला असावा लागतो. तरीही मुदतीच्या भरवशावर बसू नका: हिस्सा नाकारणारी नोटीस, फेरफार किंवा व्हॉट्सॲपवरचा संदेश आला की ती तारीख लिहून ठेवा.

न्यायालय आधी प्राथमिक हुकूमनामा देते, त्यात फक्त हिस्से ठरतात. शेतजमिनीचे प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, तिथून तहसील आणि भूमी अभिलेख कार्यालयाकडे. खरी रखडपट्टी इथे होते. निकाल लागला म्हणून कुटुंब पेढे वाटते आणि हुकूमनामा कपाटात पडून राहतो. हुकूमनामा हाती आला की दरखास्तीचा पाठपुरावा सुरू करा, मोजणीची फी भरा. मोजणीच्या दिवशी हजर राहा आणि प्रस्तावित वाटप तक्ता आला की हरकत असल्यास तेव्हाच लेखी द्या. ताबा दिल्यावर ‘मला माळच दिला’ म्हणून ओरडण्यात अर्थ नाही.

दावा चालू असतानाही तडजोडीचा दरवाजा बंद नसतो. लोकअदालतीत झालेल्या तडजोडीवर अपील नसते आणि भरलेले न्यायालयीन शुल्क परत मिळते. वरच्या सरस-निरस तक्त्यासारखा कागद घेऊन लोकअदालतीत गेलात तर काम लवकर होते, कारण तिथे वेळ कमी असतो आणि तयार प्रस्ताव असलेल्याचे ऐकले जाते.

एकाने परस्पर विकली तर

महाराष्ट्रात सहहिस्सेदार आपला अविभक्त हिस्सा विकू शकतो. पण खरेदीदाराला त्याने विशिष्ट बाजूचा ताबा देता येत नाही. खरेदीदाराला मिळतो तो वाटणी मागण्याचा हक्क. दस्तात ‘पूर्वेकडील ४० आर’ असे लिहिले म्हणून पूर्व बाजू त्याची होत नाही. वारसाने एकत्र आलेल्या जमिनीत एका वारसाला हिस्सा विकायचा असेल तर हिंदू वारसा कायद्याच्या कलम २२ प्रमाणे बाकीच्या वारसांना आधी घेण्याचा हक्क आहे, आणि तो शेतजमिनीलाही लागू असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सांगितले आहे. भाऊ विकणार अशी कुणकुण लागली तर ‘आम्ही घ्यायला तयार आहोत’ असे लेखी कळवा.

फेरफाराची नोटीस आली तर पंधरा दिवसांत तलाठ्याकडे लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. हरकत आल्यावर नोंद तक्रारी नोंदवहीत जाते आणि मंडळ अधिकारी सुनावणी घेतात. निर्णय विरुद्ध गेला तर साठ दिवसांत उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील आहे. पण फेरफार रद्द झाल्याने खरेदीखत रद्द होत नाही, त्यासाठी दिवाणी न्यायालयच. दावा लावल्यावर झालेली विक्री दाव्याच्या निकालाला बांधील असते. दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून ठेवण्याबद्दल वकिलांना विचारा.

वाटणीनंतरची कामे

आदेश किंवा दस्त झाला की फेरफार, मग पोटहिस्सा मोजणी. मोजणीचा अर्ज तालुक्याच्या भूमी अभिलेख उपअधीक्षकांकडे करावा लागतो. हद्दीच्या खुणा पक्क्या दगडांनी रोवा आणि मोजणी नकाशाची ‘क’ प्रत प्रत्येक हिस्सेदाराने स्वतःकडे ठेवा. नकाशाशिवाय केलेला वेगळा सातबारा पुढच्या बांधकोरीच्या भांडणाला जागा ठेवतो.

जुन्या सामाईक कर्जाचा बोजा कुणाच्या हिश्श्यावर राहणार हे सोसायटीच्या किंवा बँकेच्या लेखी संमतीने ठरवा. ठरवले नाही तर तो सगळ्यांच्या नव्या उताऱ्यांवर उतरतो आणि फेडणाऱ्यालाही नवे कर्ज मिळत नाही. ठिबकचे अनुदान, वीजजोडणी, शेतकरी ओळख क्रमांक, पीकविमा यांतील गट व हिस्सा क्रमांक बदलून घ्या. उभे पीक असताना वाटणी झाली तर ते काढण्याचा हक्क कुणाचा आणि खर्च कसा वळता करायचा तेही लिहा. ऊस उभा असेल तर खोडव्याचे काय करायचे ते त्याच वाक्यात येऊ द्या.